पंखा न लावण्याची खोली

कमळे, घोटीच्या स्टँडवर आईने तांदळाची पिशवी माझ्या मांडीवर ठेवली आणि एसटीच्या खिडकीतून म्हणाली, "मोठ्यांच्या घरी चाललीस. तोंड उघडायचं नाय. इचारलं तरच बोलायचं." तू तिचा पदर धरून उभी होतीस. माझा नवरा वारल्यावर मला ठेवून घेणारी आपली मावसबहीण अक्का म्हणजे पुढाऱ्याची बायको. शहरात द्वारका चौकात उतरले तर मोटारींच्या आवाजानेच पिशवी छातीशी धरली.

दाजींकडे माणसांची सारखी ये-जा. मी चहा ठेवून आत पळायची. अक्का बैठकीत कधी नसायचीच. मागच्या खोलीत ती पाली शब्दांचा मराठी कोश करायची. एका शब्दाची एक चिठ्ठी, जमिनीवर अक्षरवार मांडलेली. मी चौथी शिकलेली. चिठ्ठ्या अक्षरांप्रमाणे लावायचं काम तिने मला दिलं. त्या खोलीत पंखा लावायचा नाही, एवढाच नियम. कित्येक वर्षांची मेहनत उडून जाईल. भर मे महिन्यातही आम्ही घाम पुसत बसायचो.

आणीबाणी आली. दाजी घर सोडून लपले. बाहेर जीप थांबली की मी धावत जाऊन कडी लावायची.

"अक्का, आपल्यालाही नेतील?"

"नेतील तेव्हा बघू. तू चिठ्ठीवर उभी आहेस, बाजूला हो."

एका दुपारी पोलीस आलेच. साहेब मागच्या खोलीत शिरले. "ही पत्रकं कसली?"

"शब्द आहेत. वाचा," अक्का म्हणाली.

"लय उकडतंय हो," म्हणत हवालदाराने पंख्याच्या बटणाकडे हात नेला.

"हात लावू नका!"

तो आवाज माझा होता. मी भिंतीला टेकून उभी होते. आता मलाच नेणार.

"ही कोण?" साहेबांनी विचारलं.

"या घरची आहे. आणि बरोबर बोलतेय."

साहेबांनी हातातली चिठ्ठी होती तिथे ठेवली. ते गेल्यावर अक्का हसली, "आवाज आहे की गं तुला!" मी चिठ्ठ्या मोजायला बसले.

पुढे दाजी परत आले, कोशाचा पहिला भाग छापून झाला. अक्का आता दुसऱ्या भागाला बसली आहे. माझी भीती गेली नाही. जीप दिसली की अजून कडी लावते.

घोटीला आले की तू कौतुकाने नवा पंखा लावतेस. मी आधी खाली बघते. फरशी मोकळी असते. वारा लागतो आणि मला घरची, त्या बिनवाऱ्याच्या खोलीची आठवण येते. तुला हे तोंडावर सांगवत नाही, म्हणून लिहून ठेवते.