शहाणं यंत्र

चौसाळ्याच्या सरकारी बंगल्यावर मी नवाच कारकून लागलो, तेव्हा तिथं विहिरीवर बैलांची मोट हाकणारा एक मोटकरी होता. राज्य निजामाचं होतं. तालुकदारसाहेबांनी हैदराबादेहून हिरवळीला पाणी शिंपणारं यंत्र पाठवलं होतं. खाली चाकं, वर गरगर फिरणारे दोन हात. उंचावरल्या हौदातून आणलेली रबरी नळी जशी पसरावी, तसं ते तिच्यावरून आपोआप चालायचं.

साहेब येणार त्या सकाळी मी मोटकऱ्याला बजावलं, "नळी हिरवळीवरच पसरायची."

"जी," म्हणत त्यानं यंत्राला हळदकुंकू लावलं, पाठीवर थाप मारली आणि "चल राजा" करत, बैलाशेजारी चालावं तसा भिजत त्याच्याशेजारी चालू लागला.

साहेब आले, पाहून खूश झाले. तेवढ्यात यंत्र हिरवळ ओलांडून मागच्या सुकलेल्या वांग्यांत शिरलं.

"ये उधर क्यूँ गया?" साहेबांनी विचारलं.

मोटकऱ्यानं ओले हात जोडले. "हुजूर, मुकं हाय, पन लई शहाणं हाय. गवत कुनी खात न्हाई, ह्ये त्याला कळतंय."

साहेबांची नजर वांग्यांत गेलेल्या नळीवरून त्याच्या चेहऱ्यावर आली. तो यंत्राकडंच कौतुकानं बघत होता. साहेब खदखदून हसले. "रोको मत. कल से इसे पहले उधर ही जाने दो."

मोटकऱ्याचं नाव विचारायचं राहूनच गेलं. नोकरीत मी जन्मभर हुकूम पाळले. नळी वळवणारा तेवढा एकच भेटला.