हितलं ठेवू का वरचं

आईचं शेत दोनदा गेलं. पहिल्यांदा ते रस्त्यात गेलं, तेव्हा मी पाच वर्षांची होते आणि मला कुणी विचारलं नव्हतं. दुसऱ्यांदा गेलं तेव्हा मी तेहेतीस वर्षांची होते, बंगळुरात कंप्युटरच्या कंपनीत बऱ्यापैकी पगारावर होते, आणि ते मला विचारून गेलं.

पहिलं शेत उर्श्याला होतं. आता तिथे टोलनाका आहे. लोणावळ्याहून पुण्याला जाताना गाडी नाक्याच्या रांगेत लागली की आई काचेतून खाली डांबराकडे बघायची आणि म्हणायची, "खालच्या खाचरात आलो." गाडी सरकत नाक्याच्या छपराच्या सावलीत शिरली की, "हा बांध." आजूबाजूचे लोक टोलच्या नावाने शिव्या घालत असायचे. मीही कधी कधी घालायचे, कारण मला खाली डांबराशिवाय काही दिसायचं नाही. भाताची दोन खाचरं, विहीर, माळ, गोठा, एवढं सगळं होतं म्हणे. त्यातलं मला एकच आठवतं. विहिरीकडे जायची मला बंदी होती.

जमीन गेल्यावर आम्ही लोणावळ्यात वलवणला आलो. वडील एका बंगल्यावर राखणीला राहिले, मागच्या दोन खोल्या आम्हाला मिळाल्या आणि बंगल्याची बाग आईच्या गळ्यात पडली. पंचवीसेक वर्षं तिने दुसऱ्याच्या हिरवळीला पाणी घातलं. हिरवळीबद्दल तिचं मत पहिल्या दिवशी होतं तेच आजही आहे. "जनावराला चारायचं न्हाई, माणसानं खायचं न्हाई, मंग वाढवायचं कशाला?"

वडील गेले आणि ती एकटी राहिली, तेव्हा मी माझा जुना कंप्युटर तिच्या खोलीत मांडून दिला. मोठ्या पडद्यावर रोज एकमेकींचं तोंड दिसावं, हा हेतू. तोंड दिसायचं, पण बोलणं तीन मिनिटांत संपायचं. जेवलीस का, जेवले. पाऊस आहे का, आहे. मग एका दिवाळीत सुट्टीला आले असताना मी त्या कंप्युटरवर शेतीचा एक गेम खेळत बसले होते. त्यात एका बाईला पडीक जमीन मिळते आणि तिने ती कसायची असते. आई मागे मेथी निवडत होती. थोड्या वेळाने म्हणाली, "तिला सांग, उन्हाचं पाणी घालू नको." मग म्हणाली, "त्या कोपऱ्यातली दगडं आधी काढ." मग मेथी तशीच ठेवून उठली, माझ्याजवळ आली आणि म्हणाली, "सरक."

गेमबद्दल तिच्या तक्रारी पुष्कळ. चार दिवसांत भोपळा येतो, हे तिला बनवाबनवीचं वाटलं. भाताचं बीच नव्हतं, त्यावरून तर तिने गेम करणाऱ्याची अक्कल काढली. पण माझी सुट्टी संपेपर्यंत ती चार बटणं तिच्या बोटांत बसली होती. मी बॅग भरत असताना तिने विचारलं, "तू गेल्यावर ह्ये शेत तुझ्याबरं जाणार का हितं राहणार?"

मी तिला समजावलं की दोन्हीकडे राहणार. गेममधली बाई दिवस संपवून झोपली की तिचं शेत त्या घडीला जसं आहे तसं या कंप्युटरमध्ये उतरवलं जातं. आपण गेम बंद केला की त्याची एक प्रत इंटरनेटवरून दूर कुठल्यातरी मोठ्या मशीनमध्ये जाते. मी बंगळुरात गेम उघडला की माझा कंप्युटर आधी तिथे विचारतो, तिथली प्रत नवी असेल तर ती उतरवून घेतो, आणि मग मला शेतात सोडतो. मी जे करीन ते परत वर. तू उघडशील तेव्हा तुला माझं मिळेल, मी उघडीन तेव्हा मला तुझं.

"म्हंजे शेजारणीकडं किल्ली ठेवल्यावानी," आई म्हणाली.

"तसंच."

"लबाडाचं आवतण, जेवल्याबिगर खरं न्हाई."

पण ते खरं निघालं. गेम एकच घेतलेला, खातं एकच, त्यामुळे दोघींनी एका वेळी खेळायची सोय नव्हती. आम्ही वेळा वाटून घेतल्या. सकाळी सात ते साडेसात त्या बाईच्या अंगात मी यायचे. दुपारी दोन ते चार आई. मी उघडायचे तेव्हा आई नुकतीच तिथून उठून गेलेली असायची. गोठ्याचं दार लावलेलं, कोंबड्यांना दाणे टाकलेले, तण उपटून कडेला लावलेलं. दारापाशी एक लाकडी पेटी होती, तिच्यात ती माझ्यासाठी काहीतरी ठेवायची. दोन अंडी, एखादा भोपळा, कधी नुसताच निळा दगड. त्या अंड्यांचं मी बंगळुरात काय करणार होते? पण मी ती कधी विकली नाहीत. मला आईची फार आठवण यायची, आणि फोनवर ते कधी तोंडातून निघायचं नाही. म्हणून मी पेटी उघडायचे.

सुरुवातीला एक घोटाळा झाला. खेळून झालं की आई भिंतीवरचं बटण बंद करायची. लोणावळ्यात पावसाळ्याचे चार महिने विजेचा भरवसा नसतो, तेव्हा काम झालं की बटण बंद, हे तिच्या हाताचं वळण. त्यामुळे तिची प्रत वर निघायच्या आतच कंप्युटर बंद पडायचा. दुसऱ्या सकाळी मला शेत जुनंच दिसलं. सुदैवाने मी काही न करता बाहेर पडले, म्हणून निभावलं. मी त्याच जुन्या शेतात राबले असते, तर दोन वेगळी शेतं तयार झाली असती, एक तिच्याकडे आणि एक वर, आणि दोन्ही तितकीच खरी. मग कंप्युटर विचारतो, यातलं कोणतं ठेवू? एक ठेवलं की दुसरं जातं.

हे शेवटचं मी तिला सांगितलं नाही. एवढंच सांगितलं की गेम बंद केल्यावर त्याच्या नावापुढची खूण फिरायची थांबेपर्यंत बटणाला हात लावायचा नाही, आणि कधी काही विचारलंच तर ढगाच्या चित्राचं, म्हणजे वरचं, ठेवायचं. हा दुसरा नियम मी निव्वळ आळसापोटी केला होता. आई मात्र तेव्हापासून खेळ संपला की हात मांडीवर ठेवून खुणेकडे बघत बसायची, दुधाशी उभं राहतात तशी.

गेल्या पावसाळ्यात वलवणात वाऱ्याने झाड पडलं आणि इंटरनेटची केबल तुटली. केबलवाला रोज उद्या येतो म्हणायचा. पाच आठवडे गेले. फोन लागायचा, पण तिच्या कंप्युटरला इंटरनेट नव्हतं.

"मग दुपारी काय करतेस?" मी विचारलं.

"खेळते की. नेट न्हाई तरी चालतंय." मग म्हणाली, "लय मोठं काम काढलंय. नेट आलं की बघशील."

त्याच वेळी मी बोलायला हवं होतं. दोन माणसांनी एकाच फाइलवर वेगवेगळं काम केलं की काय अनर्थ होतो, हे मी ऑफिसात नव्या लोकांना शिकवते. त्याचा मला पगार मिळतो. आणि मी आईला म्हणाले, "बघू की."

माझ्याकडे तर काही काम चालूच नव्हतं. तिच्याकडून काही येणार नाही हे माहीत असूनही मी रोज सकाळी गेम उघडायचे आणि पेटी बघायचे. आईचं काही नसायचं. ते बघवायचं नाही, म्हणून मीच तिच्यात रोज एक फूल ठेवायचे, त्या बाईला झोपवायचे आणि बंद करायचे. पाणी नाही, पेरणी नाही. शेतात तण माजलं. आणि ते तणाचं शेत दररोज इमानदारीत वर जात होतं.

नेट आलं त्या दुपारी मी मीटिंगमध्ये होते. आईचा फोन आला. मी दाराबाहेर येऊन उचलला.

"दोन चौकटी आल्यात," ती म्हणाली. "एकीवर कंप्युटरचं चित्र, एकीवर ढगाचं. तारखा हायत्या दोन्हीवर. हितलं ठेवू का वरचं?"

"ढगाचं ठेव. सांगितलंय ना मी."

तिने विचारलं, "दुसऱ्याचं काय व्हतं?"

"पुसलं जातं. आई, मी मीटिंगमध्ये आहे गं."

"बरं," ती म्हणाली.

दुसऱ्या सकाळी पेटीत फुलं नव्हती आणि दोन अंडी होती. मी खूश झाले. तिचं मोठं काम कुठे दिसलं नाही, पण ते माझ्या ध्यानातच आलं नाही. तीन दिवसांनी भाजी चिरताना एकदम लख्ख आठवलं आणि हातातली सुरी खाली ठेवून मी फोन केला. "आई, तुझं ते काम कुठे गेलं?"

"कसलं काम?" ती म्हणाली. "आसू दे."

दिवाळीला घरी आले तेव्हा कळलं. आईच्या खोलीत भिंतीवर दिनदर्शिका असते आणि तिच्या चौकटींत ती गॅस कधी आला, दूध कधी घेतलं नाही, ते लिहिते. आदल्या रात्रीच्या प्रवासाने अंग आंबलं होतं, चहाचा कप घेऊन मी सहज मागची पानं उलटत उभी होते. पावसाळ्याच्या पानांवर पेन्सिलीने लिहिलं होतं. खालचं खाचर. वरचं खाचर, बांध. विहीर. जांभूळ, विहिरीपासून चार पावलं. गोठा, दार उगवतीला. नेट यायच्या आदल्या दिवसाच्या चौकटीत होतं, माळ झाला, पोरीला दाखवायचं.

तिने उर्श्याचं शेत केलं होतं. जसंच्या तसं.

दोन दिवस मी त्या कंप्युटरमधला एकेक कोपरा धुंडाळला. कधी कधी गेम आदल्या दिवसाची एखादी जुनी प्रत बाजूला ठेवतो. तीही माझ्याच शेताची होती. ढगातून उतरलेल्या. तिसऱ्या दिवशी मी तिच्यासमोर बसले आणि रडले. "तुझं शेत मी घालवलं," मी म्हणाले. "एक मिनिट ऐकून घेतलं असतं तर वाचलं असतं."

आई लसूण सोलत होती. "तू सांगितलं नसतंस तरी मी त्येच दाबलं असतं."

"मला बरं वाटावं म्हणून बोलू नकोस."

"मी कशाला बोलू तसलं?" तिने पाकळी ताटलीत टाकली. "हितलं ठेवलं असतं तर तुझं पुसलं गेलं असतं. माझं शेत मला पाठ हाय. तू पाच आठवडं काय केलंस, त्ये मला कुटं म्हाईत व्हतं?"

माझ्याने वर बघवेना. "मी काहीच केलं नव्हतं आई. फुलं ठेवली फक्त."

"बघितली की. छत्तीस व्हती."

मग तिने हात धुतले, दुसरी खुर्ची ओढली आणि मला कंप्युटरसमोर बसवलं. ती सांगणार, मी करणार. एका शेतात आम्ही दोघी एका वेळी असण्याची ती पहिलीच खेप. चार दुपारी आम्ही राबलो. "हितं न्हाई, खाली घे. आजून दोन चौकोन. आता बांध." भाताच्या जागी तिने गहू पेरायला लावला. मधूनच उर्श्याच्या कुणाचं तरी बांधावरून झालेलं भांडण सांगायची, आणि त्या भांडणामुळे बांध कुठे वळतो ते सांगायची. मला ते पाठ होऊ लागलं. विहिरीची जागा आली तेव्हा मी विचारलं, "इथे?"

"व्हय. जा आता विहिरीवर," ती म्हणाली. "मोटी झालीस."

शेवटच्या दुपारी माळ पुरा झाला. मी त्या बाईला झोपवलं, गेम बंद केला आणि खूण थांबेपर्यंत आम्ही दोघी हात मांडीवर ठेवून बसलो. मग आईने उठून भिंतीवरचं बटण बंद केलं.

दुसऱ्या दिवशी पुण्याला विमान गाठायचं होतं. उर्श्याच्या नाक्यावर टॅक्सी रांगेत लागली. पुढे पाच-सहा गाड्या होत्या. मी काच खाली केली आणि डांबराकडे बघितलं. डाव्या हाताला कुठेतरी विहीर, तिच्यापासून चार पावलांवर जांभूळ. मी फोन लावला.

"आई, मी खालच्या खाचरात उभी आहे."

"मंग पिकात कशाला उभी ऱ्हायलीस?" आई म्हणाली. "भात कापणीला आलंय. बांधावर हो."

पुढची गाडी हलली आणि आमची टॅक्सी छपराच्या सावलीत शिरली.

"झाले," मी म्हणाले.