तळहातावरचं लिंग
विभूतीचा वास आला की मला अणदूरकडची ती विधवा आठवते. निजामाच्या राज्यात मी धाराशिवला नवा वकील होतो. तिच्या नवऱ्याला, एका लिंगायत व्यापाऱ्याला, वाटेत लुटून मारलं होतं आणि त्यासाठी तामलवाडीच्या एका मजुराला फाशीची शिक्षा झाली होती. पुरावा एकच, मजुराच्या घरात सापडलेली चांदीची डबी आणि आतलं इष्टलिंग, लिंगायत जन्मभर अंगावर बाळगतात ते. ते मयताच्या गळ्यातलं, असं पोलिसांचं म्हणणं. मजुराच्या वतीनं हैदराबादला अपील करायचं म्हणून मी खटल्याची मिसल, म्हणजे कागदपत्रं, घेऊन तिच्या दारात गेलो. फिर्याद दिराची होती. तिला कोर्टात कुणी बोलावलंच नव्हतं. उर्दूतला तो पुरावा मी मराठीत सांगितला, तसा कपाळावर विभूती ओढणारा तिचा हात थांबला. "वकीलसाहेब, यांच्या गळ्यातलं लिंग म्या माझ्या हातानं यांच्या तळहातावर ठेवलं, मंगच माती दिली. आपल्यात लिंगाबिगर कुणाला पुरतात व्हय? मंग त्या डबीतलं यांचं कसं असंल?" दीर आतून ओरडला, "वैनी, गप ऱ्हावा! त्यो सुटंल!" ती म्हणाली, "सुटू द्या, भावजी. यांच्या नावावर खोट्यानं कुणाचा जीव नको." तिनं हैदराबादला येऊन भर कोर्टात तेच सांगितलं आणि मजूर सुटला. मी स्वतः लिंगायत. ती मिसल दहादा वाचूनही मला हे सुचलं नव्हतं. म्हणून आजही कुणी त्या अपिलाबद्दल माझी पाठ थोपटली, की मी छाती काढून सांगतो, ते अपील एका बाईनं जिंकलं, अन् तिच्या शेजारी मी उभा होतो.