पितळी करंडा

लढाईच्या दिवसांत हे रहिमतपूरजवळच्या एका खेड्यात मास्तर होते. एकदा बोर्डाच्या कचेरीतून हुकूम आला, की यांना महागाई भत्ता जास्त दिला गेला आहे, तो दरमहा पगारातून कापून घेऊ. हे चकित झाले. जास्तीचा पैसा आमच्या घरात आलाच नव्हता.

मुलगी चौथीत होती. माझी शाळा चौथीलाच सुटली, तिची सुटू नये म्हणून तिला जूनमध्ये साताऱ्याला माझ्या बहिणीकडे ठेवायचं ठरलं होतं. पगार कापला तर ते राहून जाणार होतं.

पगार तालुक्याहून हेडमास्तर आणत. खेप वाचावी म्हणून सगळे मास्तर आधीच कोऱ्या पगारपत्रकावर तिकीट लावून सही करून देत. आकडे मागाहून हेडमास्तर भरत. मला ते कळलं तेव्हापासून हेडमास्तरांचा आवाज ऐकला की माझ्या हातातलं काम थांबे. यांच्याजवळ मी भीत भीत बोलले. हे म्हणाले, "भल्या माणसावर संशय घेऊ नये. कारकुनाची चूक असेल."

संक्रांतीचं हळदीकुंकू हेडमास्तरांच्या घरी होतं. आदल्या साली त्यांच्या मंडळींनी बोरं आणि हलवा वाटला होता. या वेळी प्रत्येकीच्या ओटीत पितळी करंडा पडला. पितळ तेव्हा किती महागलं होतं! हेडमास्तरीणबाई म्हणत होत्या, आमचाही पगार कापतात हो, कसं भागवायचं. मी मान खाली घालून वाण घेतलं आणि घरी आले.

रात्री यांच्या ताटाशेजारी मी करंडा ठेवला.

"सगळ्यांना दिला?" यांनी विचारलं.

"सगळ्यांना."

यांनी ताट पुढे सारलं. भातही थोडा टाकला.

महिनाअखेरीस हेडमास्तर दारात आले. "मास्तर, सही तेवढी करून टाका. सकाळी निघायचंय."

"उद्या मीही येतो. तिथंच करीन."

ते हसले. "का, मी पळून जाईन व्हय?" हसता हसता त्यांनी स्वयंपाकघराच्या दाराकडे पाहिलं. मी आत जात्याशी बसले होते. माझा संशय त्यांना ठाऊक झाला, असं मला वाटलं.

दुसऱ्या दिवशी यांनी पगार माझ्या हातात दिला. मी मोजला, पुन्हा मोजला. कापून आलेला पगार पूर्वी हेडमास्तर आणून देत त्या न कापलेल्या पगाराएवढा भरला. मी यांच्याकडे पाहिलं. यांनी टोपी खुंटीला अडकवली आणि बराच वेळ तोंड माझ्याकडे फिरवलं नाही.

कापणी थांबली नाही. यांनी तक्रारही केली नाही, हेडमास्तरांच्या हाताखाली नोकरी होती. पण त्यानंतर दर महिन्याला हे स्वतः तालुक्याला जात.

करंड्यात मी कुंकू कधी भरलं नाही, शिकेकाई ठेवली. जून उजाडला तेव्हा हे एवढंच म्हणाले, "पोरीची ट्रंक काढ."