पाहुण्यांना पसंत पडलेला मुलगा

सिनेमात आणि टीव्हीवर मी हवालदार, पुजारी, मुनीम, खुनी आणि दोनदा प्रेत झालो. पण माझी पहिली भूमिका रिठदला आमच्याच घरी झाली, आणि तिच्यापायी बाबांनी तुतारी उचलली. (वाजवायची नव्हे, बैल हाकायची!)

स्वातंत्र्य येऊन सात-आठ वर्षं झाली असतील. वाशिमला एक नाटक कंपनी उतरली होती आणि मालक मला घ्यायला तयार होते. अट एकच : "लग्न झालेला नट नको. बायकोची आठवण आली की पळतो!" हे मी मोठ्या आनंदानं घरी सांगितलं. बाबांनी ताबडतोब माझं लग्न काढलं.

"मी लगन करनार नाई!"

"तुले कोन इचारून राह्यलं?"

धनजहून मुलीचे वडील, मामा आणि आत्या आमचं घर पाहायला आले. मीही हट्टाला पेटलो. तिघांना असा मुलगा दाखवायचा, की पाणी न पिता गाडी जुंपतील! बाबा पान-सुपारी आणायला गेले आणि माझा पडदा वर गेला.

मामा पहिलवान गडी. ते गोठ्यात बैल पाहत होते. मी डोक्यावरून घोंगडं घेतलं, आमच्या म्हाताऱ्या बैलाला पाहून किंचाळलो, "वाचवा, मामाजी! मारते तो!" आणि त्यांच्या पाठीमागे लपलो.

तिथून मागच्या दारानं चुलीपाशी. अंगाला राख फासली, ओसरीवर मुलीच्या वडिलांसमोर डोळे मिटून बसलो. "संसार खोटा हाये, बाप्पा! बायको माया, अन सासरा त्याहून मोठी माया!"

मग तोंडावर पाणी मारून, बाबांची टोपी कानांपर्यंत ओढून सैपाकघरात. आई वाढत गेली आणि मी आत्यांच्या देखत अकरा पुरणपोळ्या चापल्या, एकही शब्द न बोलता. (सातव्या पोळीपर्यंत तो अभिनय होता. पुढच्या चार मला खरंच आवडल्या.)

बाबा परतले. दबकत म्हणाले, "मंग? पाह्यला पोरगा?"

"पसंत!" तिघं एकदम म्हणाले. दाराआड मी कपाळावर हात मारला!

"भेकड हाये," मामा म्हणाले, "पन बायकोच्या धाकात राहीन."

"भेकड कोनता?" मुलीचे वडील चमकले. "मी त्या गोसाव्याचं बोलून राह्यलो. दारू नाई, पत्ते नाई!"

"गोसावी कायचा!" आत्या उसळल्या. "अकरा पोळ्या खाल्ल्या त्यानं! सैपाकाचं चीज करीन तो."

बाबा चक्रावले. "मले त एकच पोरगा हाये!"

"मंग बाकीचे दोन कोनाचे?"

सगळ्यांनी आईकडे पाहिलं!

आई उठली. माझा कान धरून तिनं मला फरफटत मधोमध आणलं. गळ्यात घोंगडं, मानेवर राख, हनुवटीला पुरण! "घ्या," ती म्हणाली, "हे तुमचे तिघं!"

बाबांनी तुतारी उचलली ती तेव्हा. मीही छाती पुढे काढली. "मारा! पन तिघंबी मीच होतो, अन तिघंबी पसंत पडलो! याले नट म्हनतात!"

मुलीच्या वडिलांनी उपरणं झटकलं. "पोरगी मानसाले द्याची हाये, कंपनीले नाई." गाडी जुंपली गेली.

"चालता हो!" बाबा गरजले.

"जातोच!"

आणि गेलो! थेट वाशिमपर्यंत पायी. पोटात अकरा पोळ्या होत्या, आणि अभिमान त्यांच्याहून जड होता.

मालकांना सगळी कथा साभिनय ऐकवली. "एका सकाळी तीन माणसं? वा!" ते खूष झाले आणि त्यांनी मला अर्धा बैल दिला. नंदीचे मागचे पाय!

मी काही खचलो नाही. त्या कापडात कंबरेत वाकून शेपूट अशी हलवली, की तसली शेपूट वऱ्हाडात आजवर कोणी हलवली नसेल! महिन्याभरानं बाबा गुपचूप येऊन तिसऱ्या रांगेत बसले. खेळ संपल्यावर आत आले.

"बैल खरा वाटला," ते म्हणाले.

मी शेपूट पुढे केली. "कोनता भाग, बाबा?"

"पुढचा."