महाप्रसादाचं नाव

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोला नाही, मुलीला नाही. तुम्हाला सांगतोय, ते तुम्ही मला ओळखत नाही म्हणून — म्हणजे इथेही मी सोपीच वाट धरली, नाही का?

अमरावतीला कॉलेजात इतिहास शिकवतो. माझ्या नावावर एक पुस्तक आहे. अकोल्याच्या कापूस गिरण्यांसाठी कुठून कुठून लोक आले आणि कसे वसले, त्याचं. गुजरातेतून दलाल आले, मारवाडातून पेढीवाले, उत्तरेकडून हमाल — सगळ्यांवर प्रकरणं आहेत. छत्तीसगढच्या लोकांना मी दीड पान दिलंय. त्या दीड पानाच्या शेवटी एक वाक्य आहे : ‘मिल बंद पडल्यावर ही मंडळी आपल्या मुलखात परतली.’

ते खोटं आहे. लिहितानाच मला ठाऊक होतं. मी स्वतः कुठे परतलो होतो?

माझे वडील रायपूरकडच्या एका खेड्यातून आले आणि अकोल्याच्या मिलमध्ये सूतखात्यात लागले. मिलच्या मागे कामगारांच्या खोल्यांच्या रांगा होत्या, त्यांना सगळे ‘लाइनी’ म्हणत. तिथेच मी वाढलो. शाळेत पोरं आम्हाला ‘परदेशी’ म्हणायची. लाइनीतल्या बाकीच्या पोरांना त्याचं काही वाटत नसे, उलट ती हसायची. मला वाटायचं. कॉलेजात गेलो आणि देवांगनचा देवगडे झालो. गाव कोणतं विचारलं, की ‘बाळापूरकडचं’ — हे तोंडातून आपोआप जायला लागलं. आई-वडील लग्नाआधीच गेले. मला खोटं पाडणारं कुणी उरलं नाही.

एक सोडून.

आमच्यात एक रीत होती. दोन घरांना सोयरिकीपेक्षा घट्ट नातं जोडायचं असलं, की पुरीच्या जगन्नाथाचा वाळवलेला भात दोन पोरांनी एकमेकांना भरवायचा. मग ती दोघं जन्मभर एकमेकांचे ‘महाप्रसाद’. एकाच्या घरचं लग्न ते दुसऱ्याच्या घरचं, एकाचं सुतक ते दुसऱ्याचं. आणि एकमेकांचं नाव पुन्हा कधी तोंडी आणायचं नाही — हाक मारायची ती ‘महाप्रसाद’ म्हणूनच. मी दहा वर्षांचा असताना शेजारच्या खोलीतल्या पोराशी माझं हे नातं जोडलं. मी त्या दिवशी चुकून त्याला नावाने हाक मारली, तर वडिलांनी कान पिळला : “महाप्रसाद के नाव नइ लेवय, बेटा.”

वडील गेले तेव्हा दहाव्याला माझ्याशेजारी बसून त्यानेही डोकं भादरलं. हे तुम्ही लक्षात ठेवा. मी विसरलो होतो — की विसरल्यासारखं केलं होतं?

मिलची जमीन विकली गेली. लाइनीतल्या घरांना नोटिसा आल्या. राहायचं असेल तर आपण मिल-कामगारांचे वारस आहोत, बापाच्या वेळेपासून इथेच आहोत, हे दाखवायचं होतं. मिलचे हजेरीपट कधीच रद्दीत गेले होते. छापील असं एकच काही होतं — माझं पुस्तक. नव्या मालकाच्या वकिलाने कोर्टात तेच पान पुढे केलं. लेखक सांगतो ते लोक गेले, मग हे कोण?

एका रविवारी माझा महाप्रसाद अमरावतीला घरी आला. शेंदूरजनाघाटहून सासरे संत्र्याची पेटी घेऊन आले होते, वर चहा चालला होता. खालून हाक आली : “महाप्रसाद!” मी जवळजवळ धावत उतरलो. त्याला वर आणलं नाही. स्कूटरजवळच उभं केलं, पाणीही तिथेच नेऊन दिलं. त्याला कळलं असणार. त्याने पिशवीतून माझं पुस्तक काढलं आणि हसला.

“आमी परत गेलो म्हनते तुयं पुस्तक. मंग मी कोन व्हय बे, भूत?”

मला हसू आलं नाही.

“तारखेवर येऊन एवळंच सांग, का ते वाक्य चुकलं. बाकी मी पाहून घेतो.”

“पाहतो,” मी म्हणालो.

“पाहतो काहून म्हनतं? येतो म्हन नं.”

मी ‘येतो’ म्हणालो. वर गेलो तर सासऱ्यांनी विचारलं, “कोन व्हते जी, जावईबापू?”

“पुस्तकाच्या कामाचा माणूस.”

तारखेला मी गेलो नाही. त्याआधी वकिलाचं पत्र आलं होतं : तुम्ही तुमच्या विधानावर ठाम आहात का, आणि अमुक इसम तुमचा बालपणीचा शेजारी असल्याचं सांगतो, ते खरं का? मी दोन ओळींचं उत्तर लिहिलं. विधान अभ्यासांती केलेलं आहे. आणि दुसरी ओळ — अमुक अमुक नावाच्या व्यक्तीशी माझा परिचय नाही. तिथे ‘अमुक’ लिहून चालणार नव्हतं. चाळीस वर्षांत ते नाव मी उच्चारलं नव्हतं. पूर्ण नाव वकिलाच्या पत्रात बघून उतरवावं लागलं.

माझं उत्तर त्याच्यादेखत वाचून दाखवलं म्हणे. पावसाळ्याआधी लाइनी पाडल्या. तो आता एमआयडीसीच्या पलीकडे भाड्याच्या खोलीत राहतो, डाळ मिलमध्ये पोती उचलतो. या वयात.

त्यानंतर तो एकदाच दिसला, अकोल्याच्या स्टँडवर. मी मान वळवायच्या आत त्याने हात जोडले — “सीताराम, महाप्रसाद.” शेजारच्या माणसाला जसं म्हणावं तसं, साधं. टोमणा नव्हता. टोमणा असता तर मी उत्तर दिलं असतं. अमरावतीची बस लागली होती. मी चढलो.

एक वाक्य बदलायला काय लागतं? पण ते बदललं तर कुणीतरी विचारणार, तुम्हाला कसं कळलं? मग आडनाव निघेल, मग बाळापूर, मग खाली स्कूटरजवळ उभा राहिलेला माणूस. मुलगी परवा तेच पान वाचत होती, परीक्षेसाठी. ‘बाबा, ते सगळेच गेले?’ मी म्हणालो, ‘हो.’

पुस्तकाची दुसरी आवृत्ती गेल्या महिन्यात निघाली. वाक्य तसंच आहे. प्रुफं मीच तपासली.