मामांची सनई आणि कापणीचा सण

देवाने माणसाला तोंड जेवायला आणि बोलायला दिलंय, हे माझ्या बायकोच्या मामांना कधीच पटलं नाही. त्यांच्या मते ते सनईसाठीच आहे. मधल्या वेळात त्यातून भाकरी जाते, एवढंच. हिंगोलीकडच्या गोरेगावहून जीपने थोडं आत गेलं की त्यांचं गाव. तिथल्या पत्र्याच्या छोट्या चर्चमध्ये दरवर्षी कापणीचा सण होतो. ज्वारीच्या टोपल्या, भोपळे, एखादी चिडलेली कोंबडी असं सगळं घेऊन लोक वाजतगाजत अर्पण करायला निघतात. पुढे मामांचा ताफा: संबळ, हलगी, झांजा, आणि सगळ्यांच्या पुढे मामांची सनई.

सण जवळ आला की मामा श्वास वाचवायला मौन धरत. चहात साखर कमी पडली तर सनईवर एक दुःखी सूर काढत, आणि चुलीपाशी बसलेल्या मामी ओरडत, "व्हय व्हय, आनून राहिले!" पाळकसाहेबांची प्रार्थना लांबली, तर मामा ती संपायच्या आतच सनई सुरू करत. साहेब रागावले तेव्हा मामा म्हणाले, "देवाला बराबर समजलं व्हतं साहेब. तुमालाच वाटलं, न्हाई समजलं." मामींचं एकूण मत ठाम होतं: "या सनईपरीस सवत बरी. ती झोपते तरी!"

मग मामांचे पुढचे दात गेले. घर इतकं शांत झालं की शेजारी तब्येत विचारायला आले. ताफ्यातले म्हणाले, "औंदा स्पीकर लावू." मामा उसळले, "काहून? मी जित्ता हाय न्हवं?" आणि हिंगोलीला जाऊन कवळी बसवून आले.

सणाला मामांनी असा काही वरचा सूर लावला की मागच्या बाया डोक्यावरच्या टोपल्यांसकट डोलल्या. तो संपवून त्यांनी रुबाबात सनई तोंडातून काढली. तिच्याबरोबर कवळीही निघाली आणि उडून थेट ज्वारीच्या टोपलीत पडली. हशा पिकला. मामांनी उपरण्याने तोंड झाकलं. मला आधी हसू आलं, मग त्यांचे डोळे दिसले आणि ते विरलं. संबळही थांबला.

तेवढ्यात मागून तीच चाल ऐकू आली. डोक्यावर भोपळा घेतलेल्या मामी गात होत्या. जिथे सनईची चाल तुटली, तिथूनच उचललेलं गाणं. प्रत्येक वळण, मामा श्वास घ्यायचे त्या जागासुद्धा. संबळाने ताल धरला, हलगी कडाडली. मामांनी कुणाच्या तरी हातातल्या झांजा ओढून घेतल्या आणि चर्चच्या दारापर्यंत मामींच्या बाजूने वाजवत गेले.

पंगतीत भाकरी कालवणात कुस्करत ते मला म्हणाले, "जावईबापू, येवढा गोड गळा हाय तिचा. मला कधी ऐकूच आला न्हाई. समदा येळ मीच वाजवत व्हतो."

मामी वाढत वाढत समोर आल्या. "काय पायजे?"

"काई न्हाई," मामा म्हणाले. "म्हन अजून एखादं."